अकराला एक

१

इंदापूरच्या बाहेर लियाकत तांबोळीनं बंगला बांधला, त्या घरात रोज सकाळी साडेसातला एक सोहळा असायचा. करिमा हॉलमध्ये बादलीभर पाणी ओतायची आणि खराटा घेऊन ते पुढच्या दाराकडं हाकलायची. ओल्या फडक्यानं पुसणं तिला मान्य नव्हतं. पुसलं की मळ पसरतो, धुतलं की जातो, हे तिचं म्हणणं, आणि त्यापुढं नवऱ्याचं सव्वीस वर्षांचं परदेशातलं इंजिनियरपण काही चालायचं नाही. लियाकत मुकाट्यानं पाय वर घेऊन सोफ्यावर बसायचा आणि चहा प्यायचा. फरशीला पुढच्या दाराकडं बोटभर उतार होता. मल्हार गवंड्याच्या उरावर उभं राहून त्यानं तो काढून घेतला होता.

त्या मंगळवारी पाणी पुढं गेलं, थबकलं आणि मागं फिरलं.

करिमानं दोनदा खराटा मारला. पाणी तिच्या पावलांना वळसा घालून मागच्या खोलीकडं निघालं, दाराखालून आत शिरलं आणि दिसेनासं झालं.

"बघा तुमच्या मल्हारचं काम," करिमा म्हणाली. "तीन म्हैनं न्हाय झालं आन् फरशी खचली."

"नवा भराव हाय. बसतो थोडा," लियाकत म्हणाला.

मागच्या खोलीत त्याची परदेशातून आलेली ट्रंक होती, नकाशांच्या गुंडाळ्या होत्या, कांद्याचं एक पोतं होतं. उत्तरेच्या भिंतीला खिडकी नव्हती. त्यानं दिवा लावला. बादलीभर पाणी आत आलेलं त्यानं डोळ्यांनी पाहिलं होतं, आणि फरशी कोरडी ठणठणीत होती. सांध्यात मुरलं असेल, असं तो मनाशी म्हणाला. मग ट्रंकेतून त्यानं आपली जुनी लेव्हलपट्टी काढली, काचेच्या नळीत बुडबुडा असलेली, आणि उंबऱ्यावर ठेवली. बुडबुडा मधोमध थांबला नाही. दोनशेला एक, त्यानं अंदाज बांधला, आणि तो अंदाजात सहसा चुकत नसे.

२

दोनशेला एक म्हणजे दोनशे पावलं चाललात की एका पावलाएवढं खाली उतरलात. लियाकतचं सगळं आयुष्य या हिशोबात गेलं होतं. बाप आठवडे बाजारात नागवेलीची पानं विकायचा. पोरानं बारामतीला डिप्लोमा केला, कोकणात रेल्वेच्या बोगद्यांवर सात वर्षं काढली आणि मग बाहेर पडला. आधी तुर्कस्तान, मग व्हिएतनाम, शेवटी अँडीजचे डोंगर. डोंगरावर गाडी चढवायची, हा धंदा. गाववाले हसायचे. ज्या तालुक्यात टेकडी म्हणून दाखवायला धरणाचा बांध, तिथला माणूस जगभर डोंगरावर गाड्या चढवत फिरतोय. लियाकतही हसायचा. सुट्टीवर आला की चहाच्या टपरीवर सांगायचा, त्यांच्या लायनीवर पंचवीसच्या आत उतार गेला की साध्या रुळावर चाक घसरतं, मधोमध दातेरी रूळ टाकावा लागतो, आणि इंजिन दाताला दात लावून वर चढतं. ऐकणारे माना डोलवायचे आणि चहाचे पैसे त्यालाच द्यायला लावायचे.

आता तो कायमचा घरी आला होता. शुक्रवारी त्यानं पट्टी पुन्हा लावली. एकशेचाळीसला एक. पुढच्या मंगळवारी ऐंशीला एक.

भराव असा खचत नाही. खचला तर भिंतींना तडे जातात, दारं अडकतात. इथं एक दार अडकत नव्हतं, गिलाव्यावर केसाएवढी रेघ नव्हती. घर जसंच्या तसं उभं होतं आणि तरी उतरत चाललं होतं. तेही सगळं एकाच दिशेनं, उत्तरेच्या त्या भिंतीकडं. करिमाचं लाटणं ओट्यावरून घरंगळून दोनदा खाली पडलं. नमाजाला सिजद्यात कपाळ टेकलं की लियाकतला आपण उजवीकडं, उत्तरेला घसरतोय असं वाटायचं, आणि मग तो काय म्हणत होता ते विसरायचा.

३

निरवांगीचा मल्हार मोटारसायकलवरून आला. चांगला कारागीर, तोंडाळ माणूस. त्यानं लेव्हलपट्टीकडं बघितलंसुद्धा नाही. पाण्यानं भरलेली पारदर्शक नळी काढली, एक टोक लियाकतच्या हातात दिलं, दुसरं धरून मागच्या खोलीत गेला. नळीतलं पाणी खोटं बोलत नाही, हे दोघांनाही माहीत होतं.

"धरा सायेब. हलवू नगा."

दोघांनी भिंतीवर पेन्सिलीनं रेघा मारल्या आणि रेघेपासून फरशीपर्यंत टेप लावला. पुढच्या बाजूला जेवढं माप, त्याहून मागं जास्त भरलं नाही. उलट मागचं बोटभर कमी, म्हणजे उतार अजून पुढच्याच दाराकडं होता. जसा मुळात काढला होता तसा.

"बघा. माझ्या कामात खोट न्हाय," मल्हार खूश होऊन म्हणाला. "तुमची ती इमानातली पट्टी बिघडली आसंल. हवा बदलली की बिघडत्यात."

लियाकतला इतकं हायसं वाटलं की त्यानं त्याला जेवूनच जा म्हटलं. मल्हार नको म्हणाला. का कोण जाणे, त्याला निघायची घाई होती. लियाकत खिडकीतून बघत होता. अंगण दगडी फरशीचं, हातावर घेतल्यासारखं सपाट. मल्हारनं गाडी लावताना मागच्या चाकाखाली विटेचा एक तुकडा सरकवलेला होता. निघताना त्यानं वाकून तो काढला, हातात घेऊन क्षणभर त्याच्याकडं बघत राहिला, हे आपण कधी केलं ते त्याला आठवत नसावं. मग तुकडा फेकून त्यानं गाडीला किक मारली आणि वळून न बघता गेला.

४

राहिले कान. कानातलं पाणी बिघडलं की माणसाला जमीन तिरपी वाटते, हे लियाकतनं ऐकलेलं होतं. त्याची मुलगी मेहजबीन बारामतीला दिलेली. तिनं डॉक्टर शोधला, नंबर लावला. डॉक्टरनं त्याला गोल फिरवलं, डोळे मिटून एका रेषेत चालवलं, कानात गार पाणी सोडलं आणि म्हणाला, तुमचे कान माझ्यापेक्षा चांगले आहेत.

लियाकत मुलीकडं दोन दिवस राहिला. तिच्या घरात सगळं सपाट होतं. तो पोटभर जेवला, दुपारी गाढ झोपला, नातवाला घेऊन बाजारात जाऊन आला. तिसऱ्या दिवशी मेहजबीन म्हणाली, "अब्बा, ऱ्हावा की आजून." त्याला राहायचंच होतं. पण करिमा घरी एकटी होती.

तो परतला तेव्हा करिमा सोफ्यावर पाय चोळत बसली होती.

"पोटऱ्या भरून आल्यात," ती म्हणाली. "घरातल्या घरात चालून. मागच्या खोलीत जाताना काय वाटत न्हाय. येताना दम लागतो."

तिला लियाकतनं उताराबद्दल एक शब्द सांगितलेला नव्हता. पट्टी काढायची गरजच नव्हती, पावलांना कळत होतं. तरी त्यानं काढली. बाराला एक.

तेव्हा त्याला कळलं की हे कुठं जाऊन थांबणार आहे. अकराला एक हा उतार त्यानं स्वतः आखलेला होता, स्वतःच्या सहीनं. जगात तसा बोगदा एकच होता आणि त्यात सुयोग होता.

५

सुयोग म्हणजे पळसदेवच्या गेणूचा मुलगा. गेणू आणि लियाकत शाळेत एका बाकावर बसलेले. गेणू गेल्यावर लियाकतनं सुयोगला मोजणीदार म्हणून आपल्या हाताखाली तिकडं नेलं. तीस वर्षांचा तरणाबांड गडी, कामाला चोख, घरी आई द्वारकाबाई आणि बायको प्रगती. लियाकतला तो काका म्हणायचा.

बोगद्याच्या तोंडाशी एक फळी होती, फळीवर खिळे. आत जाताना प्रत्येकानं आपला पितळी बिल्ला खिळ्याला अडकवायचा, बाहेर येताना काढून घ्यायचा. संध्याकाळी सहाला सुरुंग. सुरुंग उडवणारा आधी फळी बघतो. फळी रिकामी, म्हणजे आत कोणी नाही. नियम एकच होता, दुसऱ्याच्या बिल्ल्याला हात लावायचा नाही.

आणि लियाकत लहानपणापासून काय बघत आला होता? कारखान्यावर एकानं चौघांची हजेरी लावायची. वर्गात एकानं दोघांचं 'हजर' म्हणायचं. रेशनच्या रांगेत दगड ठेवून शेजाऱ्याची जागा धरायची. आपल्या माणसासाठी एवढंही करायचं नाही तर तो आपला कसला? सुयोग संध्याकाळी बाजूच्या वाटेनं बाहेर पडायचा, तिथून जेवणघर जवळ. नुसत्या बिल्ल्यासाठी फळीपर्यंत येणं म्हणजे अर्ध्या तासाची चढण. तेव्हा लियाकत बाहेर पडताना दोघांचेही बिल्ले काढून न्यायचा. दोन वर्षं रोज. कधी काही बिघडलं नाही.

त्या दिवशी दुपारी त्यानंच सुयोगला सांगितलं होतं की उत्तरेच्या टोकाचं माप पुन्हा घे, मला शंका आहे. आणि साडेपाचला तो ते साफ विसरला. हातानं सवयीनं दोन बिल्ले काढले. सहाला बार झाला. छत मधोमध बसलं. आठ वाजता जेवणाच्या टेबलावर सुयोगचं ताट तसंच राहिलं, तेव्हा लियाकतला उत्तरेच्या टोकाचं माप आठवलं.

पडलेल्या दगडांच्या पलीकडं तो जिवंत असू शकत होता. हे लियाकतइतकं कोणाला कळत होतं? तो मुकादमाच्या दारापर्यंत गेला. दार वाजवायला हात उचलला. परक्या मुलखातला तुरुंग, निवृत्तीला उरलेले तीन महिने, सव्वीस वर्षांचं नाव, असं सगळं एकदम डोळ्यांपुढं आलं आणि तो परत फिरला. रात्रभर तो असा चार वेळा जाऊन आला. सकाळी कंपनीनं लिहिलं, फळी रिकामी होती, सगळे बाहेर होते, सदर कर्मचारी न सांगता काम सोडून गेला. खाली साक्षीदार म्हणून लियाकतची सही. चौथ्या दिवशी ते टोक काँक्रीटनं बंद केलं. सुयोगचा बिल्ला त्यानं दरीत फेकला.

या गोष्टीला अकरा महिने झाले होते. गावात बोललं जात होतं की द्वारकाबाईच्या पोरानं तिकडं दुसरी केली.

६

फोन द्वारकाबाईंचाच आला.

"भावजी, प्रगतीचा भाव उद्या लोणी भापकरहनं येतोय. तिला न्यायला. तिकडं दुसरं स्थळ बघितलंय म्हनं. पोरगी निस्ती रडती. त्यो हाय का न्हाय, येनार का न्हाय, आमाला काय कळंना झालंय. तुमी तितं व्हता. तुमी सांगा, तिनं थांबावं का जावं. तुमच्या शब्दावर हाय सगळं."

"येतो, वैनी," लियाकत म्हणाला.

त्यानं ठरवलं. खरं सांगून टाकायचं. गाव थुंकेल, थुंकू दे. पोलीस येतील, येऊ देत. प्रगतीला निदान कळेल की ती कोणाची वाट बघत नाहीये. आणि कदाचित, कोणास ठाऊक, घरही पुन्हा सपाट होईल. या शेवटच्या विचाराची त्याला लाज वाटली, पण तो विचार होता.

निघताना करिमा दाराशी आली. "लौकर या," ती म्हणाली. "मला एकटीला हितं..." ती चौकटीला धरून उभी होती.

पळसदेवला उजनीचं पाणी खूप खाली गेलं होतं. जुन्या देवळाचं शिखर उघडं पडलं होतं आणि त्याच्या खालच्या चिखलात होड्या आडव्या पडल्या होत्या. लियाकतनं गाडीत बसून वाक्य घोटलं. वैनी, तो आतच होता. पाच शब्दही नाहीत. पुन्हा पुन्हा म्हटलं, तेव्हा ते जिभेवर बसलं.

द्वारकाबाईंचं घर एका ओळीत तीन खोल्यांचं. पुढं ओसरीची खोली, मधली, मग स्वयंपाकघर आणि त्याचं मागचं दार वांग्याच्या वाफ्यांकडं. लियाकतनं उंबरा ओलांडला आणि त्याचे पाय हलके झाले. जमीन सपाट होती. बारामतीहून परतल्यापासून पहिल्यांदा त्याला नीट श्वास घेता आला. म्हणजे मी बरोबर करतोय, त्याला वाटलं. तो खुर्चीवर बसला. आत प्रगतीनं चहाचं आधण ठेवल्याचा आवाज आला.

द्वारकाबाई समोर जमिनीवर बसल्या. वाळून काटकी झाली होती बाई, पण डोळे अजून धीट होते.

"वैनी," त्यानं सुरुवात केली.

"आदी माझं आयका," त्या म्हणाल्या. "रातच्याला झोप न्हाय, मग मी एकेक आठवत बसते. सुयोग फोनवर सांगायचा, आई, काका हायत म्हनून माझी पायपीट वाचती. माझा बिल्ला रोज काकाच काढून आनत्यात. आत मानूस आसला तर बिल्ला खिळ्याला, भायेर आला तर काढायचा. बराबर हाय न्हवं?"

"बरोबर हाय."

"मग त्या दिशी बी तुमीच काढला आसंल."

लियाकतनं मान हलवली.

"मग झालं की!" द्वारकाबाई पुढं सरकल्या, त्यांनी त्याच्या गुडघ्यावर हात ठेवला. "त्यो भायेर आल्याबिगर तुमी कशाला काढचाल? तुमी का आमचं वाईट चितनार? ह्याच्यावर मी अकरा म्हैनं काढल्यात, भावजी. लोक कायबी बोलूंद्या. त्या डोंगरातनं माझं लेकरू भायेर आलंय. येवढंच तुमच्या तोंडनं प्रगतीला सांगा."

वाक्य तयार होतं. जिभेवर होतं. त्यानं द्वारकाबाईंच्या तोंडाकडं बघितलं आणि त्याला वाटलं, हे मी म्हटलं की ही बाई इथंच, माझ्या पायाशी मरेल.

"व्हय वैनी," तो म्हणाला. "भायेर आल्ता." आणि कोणी विचारलं नसताना त्यानं पुढं जोडलं, "म्या डोळ्यानं बघितला."

७

"प्रगते!" द्वारकाबाई ओरडल्या आणि रडायला लागल्या. "आयकलंस का? भायेर आल्ता! काकांनी डोळ्यानं बघितलंय! फोन कर तुझ्या भावाला, म्हनावं येऊ नगंस!"

प्रगती चहाचा ट्रे घेऊन स्वयंपाकघरातून निघाली. तिच्या चेहऱ्यावर हसू होतं, अकरा महिन्यांचं साठलेलं. पण ती सावकाश येत होती. अंग पुढं झुकवून, एकेक पाऊल रोवून. मधल्या खोलीत तिनं भिंतीला खांदा टेकवून क्षणभर विसावा घेतला. ट्रेमधले कप लियाकतच्या बाजूच्या काठाला कोरडे होते आणि चहा तिच्या बाजूच्या काठावरून सांडत होता.

"दम लागला मेला," ती हसत म्हणाली आणि ट्रे त्याच्यापुढं ठेवला.

लियाकतनं खुर्चीचे हात घट्ट धरले. तीन खोल्यांची दारं एका रेषेत होती आणि तो त्या रेषेच्या वरच्या टोकाला बसला होता. खाली, स्वयंपाकघराच्या पलीकडं, मागचं दार बंद होतं. दुपारचे दोन वाजले होते, बाहेर ऊन रणरणत होतं. त्या दाराच्या फटीखाली उजेडाची रेघ असायला हवी होती आणि ती नव्हती. तिथून गार हवा वर येत होती, ओल्या दगडाच्या वासाची.

मागच्या दाराची कडी वाजली.

"आता कोन ग मागल्या दारानं?" द्वारकाबाईंनी डोळे पुसले. मग त्या थांबल्या. पदर तोंडाशी गेला. "मागल्या दारानं तर सुयोगच येतो. चपला वाफ्यात काढून."

कडी पुन्हा वाजली. कोणी घाईनं वाजवत नव्हतं.

प्रगती वळली आणि निघाली. उतारावर पाय ठरेनात म्हणून ती पळतच सुटली. लियाकत उठला. तिला थांबवू शकेल असं एकच वाक्य जगात होतं आणि ते फक्त त्याच्यापाशी होतं. तो आतच होता. तो बाहेर आला नाही. दाराशी जे आहे ते बाहेर आलेलं नाही.

"प्रगती, थांब!" तो ओरडला.

ती अडसरावर हात ठेवून थांबली. वळून वर बघितलं. द्वारकाबाईंनीही बघितलं. दोघींच्या तोंडावर अजून तो आनंद होता. दोघी वाट बघत होत्या.

"काय वो काका?"

मुकादमाच्या दाराशी उचललेला हात जसा परत खाली आला होता, तसा तो खुर्चीवर परत बसला.

"काय न्हाय," लियाकत म्हणाला.

अडसर सरकला. त्याला प्रगतीची पाठ तेवढी दिसत होती. तिच्या खांद्यावरून, जिथं वांग्याचे वाफे असायला हवे होते, तिथं करड्या काँक्रीटचं काहीतरी खाली खाली उतरत गेलेलं दिसलं. आणि दाराच्या कडेला चार बोटं आली. नखं नव्हती त्यांना, झिजून गेलेली.

"आवो, किती गार पडल्यात तुमचं हात," प्रगती मायेनं कोणाला तरी म्हणाली. "चला, आत या."

"आले रं बाळा, आले," म्हणत द्वारकाबाई उठल्या आणि भिंतीला धरून खाली निघाल्या. त्यांचा पदर लियाकतच्या गुडघ्याला घासून गेला. हात लांब केला असता तर धरता आला असता. त्यानं त्यांनाही थांबवलं नाही.